वेमॉर्कचा घातपात आणि हिटलरचा न झालेला बॉम्ब

योआकिम रोन्नेबर्ग २०१८ च्या ऑक्टोबरात, वयाच्या ९९ व्या वर्षी वारले. जगभरच्या वर्तमानपत्रांत मृत्युलेख आले आणि त्यांतल्या बहुतेकांचा सूर एकच होता: हिटलरला अणुबॉम्ब मिळू न देणारा माणूस गेला. १९४३ च्या फेब्रुवारीत रोन्नेबर्ग आणि त्यांचे आठ साथीदार जर्मनव्याप्त नॉर्वेतल्या वेमॉर्कच्या कारखान्यावर चालून गेले, तळघरातली जड पाण्याची यंत्रणा त्यांनी उडवली आणि एकही गोळी न झाडता सगळेच्या सगळे निसटले. दुसऱ्या महायुद्धातल्या घातपातांत इतकी नेटकी कारवाई क्वचितच दुसरी सापडेल. या एका कारखान्यावर गेल्या पाऊणशे वर्षांत ढीगभर पुस्तकं आली, दोन गाजलेले चित्रपट आणि एक दूरचित्रवाणी मालिका निघाली. त्यातून मृत्युलेखांतला तो दावा इतका रुळला की तो तपासून पाहावा असं फारसं कुणाला वाटत नाही. कागदपत्रांशी ताडून पाहिला तर मात्र तो जसाच्या तसा टिकत नाही. दुसऱ्या बाजूला, सगळी मोहीमच फुकट गेली असं म्हणणारेही आहेत. त्यांचंही मला पटत नाही.

आधी हे जड पाणी म्हणजे काय ते पाहू. साध्या पाण्यातल्या हायड्रोजनच्या सुमारे साडेसहा हजार अणूंमागे एक अणू दुप्पट वजनाचा असतो, त्याला ड्यूटेरियम म्हणतात. १९३१ साली हॅरॉल्ड युरी या अमेरिकन रसायनशास्त्रज्ञानं तो शोधला आणि तीन वर्षांत त्याला नोबेल मिळालं. असे जड अणू वेचून तयार केलेलं पाणी दिसायला साध्या पाण्यासारखंच, पण त्याचा एक गुण अणुभट्टीसाठी मोलाचा आहे. युरेनियमचा अणू फुटला की त्यातून सुसाट न्यूट्रॉन बाहेर पडतात. त्यांचा वेग कमी केला तरच नैसर्गिक युरेनियममध्ये साखळी चालू राहू शकते. जड पाणी न्यूट्रॉनांचा वेग उतरवतं आणि त्यांना फारसं गिळत नाही. अशी भट्टी चालली की तिच्यात प्लुटोनियम तयार होतं, आणि प्लुटोनियमपासून बॉम्ब होतो.

साध्या पाण्यातून वीज सोडली की हलका हायड्रोजन आधी निघून जातो आणि उरलेल्या पाण्यात जड अणूंचं प्रमाण किंचित वाढतं. हेच पुन्हा पुन्हा, टप्प्याटप्प्यानं करत राहायचं. याला वीज बेसुमार लागते. म्हणून हा उद्योग परवडतो तो जिथं वीज स्वस्त आहे आणि हायड्रोजन कशासाठी तरी आधीपासूनच तयार होतोय तिथं, म्हणजे बहुधा खताच्या कारखान्यात. भारतातला पहिला जड पाण्याचा प्रकल्प १९६२ मध्ये नांगलला उभा राहिला तो खत कारखान्याच्या सोबतीनं, आणि आपल्याकडे अलिबागजवळच्या थळला आरसीएफच्या खत कारखान्याला लागून जड पाण्याचा प्रकल्प आहे त्यामागंही हेच नातं आहे. फक्त तिथली पद्धत वेगळी, अमोनियावर आधारलेली आहे.

१९३० च्या दशकात स्वस्त वीज आणि खत यांचा असा मेळ एका ठिकाणी उत्तम जमला होता. नॉर्वेच्या टेलेमार्क भागात र्‍युकान नावाचं गाव आहे. दरी इतकी अरुंद आणि खोल की हिवाळ्यातले काही महिने गावात ऊनच पडत नाही. १९२८ साली नॉर्स्क हायड्रो कंपनीनं लोकांना वर उन्हात नेण्यासाठी रोपवे बांधून दिला. याच कंपनीचं जलविद्युत केंद्र गावाच्या वरच्या अंगाला वेमॉर्कच्या कड्यावर १९११ मध्ये सुरू झालं, त्या वेळी ते जगातलं सर्वांत मोठं होतं. लाइफ ट्रोनस्टाड हा ट्रोन्हाइमचा तरुण प्राध्यापक आणि योमार ब्रून हा कंपनीतला अभियंता या दोघांच्या आराखड्यानुसार १९३४ पासून तिथं जड पाणी निघू लागलं. गिऱ्हाईक म्हणजे प्रयोगशाळा, आणि मागणी चमच्या-वाटीची. पुढं ही यंत्रणा कुठं आणि कशी फोडायची हे लंडनमध्ये बसून सांगणारे हेच दोघं. घातपात इतका अचूक झाला याचं निम्मं कारण इथं आहे, आणि गिर्यारोहण नि स्कीइंगच्या वर्णनांत रमलेली पुस्तकं त्याला दोन-चार ओळींत उरकतात.

जर्मनांना हे पाणी इतकं का हवं होतं? १९३८ च्या डिसेंबरात ओटो हान आणि फ्रिट्झ श्ट्रासमान यांनी बर्लिनमध्ये युरेनियमचं विखंडन पाहिलं आणि युद्ध सुरू झालं तेव्हा जर्मन लष्कराच्या हाताखाली युरेनियमचं संशोधन चालू झालेलं होतं. न्यूट्रॉनांचा वेग उतरवायला दोन पदार्थ समोर होते, ग्राफाइट आणि जड पाणी. १९४१ च्या सुरुवातीला हायडेलबर्गच्या वाल्टर बोथेनं मोजमाप केलं आणि ग्राफाइट न्यूट्रॉन फार गिळतं असा निष्कर्ष निघाला. दोष ग्राफाइटचा नव्हता, त्यातल्या अशुद्धीचा होता. अमेरिकेत लिओ झिलार्डनं बोरॉनमुक्त ग्राफाइटचा आग्रह धरला आणि १९४२ च्या डिसेंबरात एनरिको फर्मीनं शिकागोत ग्राफाइटवरच पहिली भट्टी चालवून दाखवली. बोथेच्या या एका चुकीनं जर्मनी हरला, असं सांगण्याची एक सोपी चाल पडली आहे. ती पुरती खरी नाही. अशुद्धीचा मुद्दा जर्मनीतही विल्हेल्म हानले यानं मांडला होता. पण अतिशुद्ध ग्राफाइटचा खर्च लष्कराला नको होता, कारण वेमॉर्कचं जड पाणी तोवर आयतं हातात आलं होतं.

ते हातात येण्याआधी फ्रेंचांनी मात्र एक डाव साधला होता. १९४० च्या मार्चमध्ये झाक अलिए हा बँकेतला अधिकारी आणि फ्रेंच गुप्तहेर खात्याचा माणूस नॉर्वेत गेला आणि वेमॉर्कचा सगळा साठा, १८५ किलो, उचलून स्कॉटलंडमार्गे पॅरिसला घेऊन आला. जर्मन हेरांना चकवण्यासाठी दुसऱ्याच विमानाचं आरक्षण केलं होतं, ते विमान जर्मनांनी हँबुर्गला उतरवलं. फ्रान्स पडल्यावर या पाण्याचे डबे ब्रूमपार्क नावाच्या कोळशाच्या जहाजातून इंग्लंडला गेले आणि काही काळ राजघराण्याच्या विंडसर किल्ल्यात राहिले. कारखाना मात्र मे १९४० मध्ये र्‍युकान पडताच जर्मनांचा झाला आणि उत्पादन वाढवण्याचे हुकूम सुटू लागले.

ट्रोनस्टाड १९४१ मध्ये निसटून लंडनला पोचला. तिथं ब्रिटिशांची घातपात संघटना, स्पेशल ऑपरेशन्स एक्झिक्युटिव्ह, नॉर्वेजियन निर्वासितांतून माणसं तयार करत होती. पहिला थेट दुवा ठरला आइनार स्किनारलंड. हा र्‍युकानच्या बाजूचाच, धरणावर काम करणारा. मार्च १९४२ मध्ये त्यानं साथीदारांसह किनाऱ्यावरची एक प्रवासी बोट पळवून अ‍ॅबर्डीन गाठलं, घाईघाईचं प्रशिक्षण घेतलं आणि आपल्या गैरहजेरीची चर्चा होण्याआधीच पॅराशूटनं परत उतरून कामावर रुजू झाला! ऑक्टोबरच्या १८ तारखेला रात्री येन्स-आंतोन पोल्सन, आर्ने शेल्स्ट्रुप, क्लाउस हेलबर्ग आणि बिनतारी यंत्र सांभाळणारा क्नूट हाउग्लंड असे चौघे हार्डांगरविद्दा या ओसाड पठारावर उतरले. याच तारखेला हिटलरनं आपला कुप्रसिद्ध कमांडो आदेश काढला: घातपातासाठी आलेला सैनिक गणवेशात असला, शरण आला, तरी त्याला ठार करायचं.

त्या आदेशाचा अर्थ महिनाभरात कळला. १९ नोव्हेंबरला स्कॉटलंडहून दोन हॅलिफॅक्स विमानं प्रत्येकी एक ग्लायडर ओढत निघाली. ग्लायडरांत रॉयल इंजिनियर्सचे सैनिक होते, त्यांनी पठारावर उतरून वेमॉर्क उडवायचं होतं. हवा बिघडली. दोन्ही ग्लायडर आणि एक विमान डोंगरांत कोसळलं. ४१ माणसं गेली. त्यांतले जे अपघातातून वाचले होते त्यांना, जखमींनासुद्धा, जर्मनांनी मारलं. पाच जणांना तर दोन महिने कैदेत ठेवून जानेवारीत गोळ्या घातल्या. युद्धानंतर नॉर्वेतला जर्मन सेनापती फाल्केनहोर्स्ट याच्यावर खटला चालला त्यात हे आरोप होते. त्याला मृत्युदंड सुनावला गेला, तो पुढं वीस वर्षांच्या कैदेत बदलला आणि १९५३ मध्ये तो सुटलाही. ग्लायडरच्या अवशेषांत वेमॉर्कवर खूण केलेला नकाशा सापडला, तेव्हा शत्रूला लक्ष्य कळलं. पहारा वाढला, सुरुंग पेरले गेले. वेमॉर्कच्या कथेत या ४१ जणांच्या वाट्याला बहुतेक ठिकाणी एखादा परिच्छेद येतो. यशस्वी कारवाईच्या आड अपयशी कारवाई झाकली जाते, त्याचा हा ढळढळीत नमुना.

पठारावरचे चौघे आता अडकले. शिधा संपत आला, बर्फ उकरून रेनडिअर खातात ते शेवाळ खाण्याची पाळी आली. नाताळच्या तोंडावर पोल्सनला एक रेनडिअर टिपता आला आणि त्यांनी तो सगळा खाल्ला, पोटातलं अर्धवट पचलेलं शेवाळसुद्धा, कारण भाजीपाल्याचं सत्त्व मिळण्याची तेवढीच सोय होती. तिकडं इंग्लंडात हर्टफर्डजवळच्या ब्रिकेंडनबरी हॉलमध्ये वेमॉर्कच्या तळघराची लाकडी प्रतिकृती उभारली होती. नोव्हेंबरात पळवून आणलेल्या ब्रूननं दिलेल्या तपशिलांवर ती बेतलेली. सहा नॉर्वेजियन तिच्यावर अंधारात हात चालवायचा सराव करत होते. रोन्नेबर्ग २३ वर्षांचा, त्याच्यासोबत क्नूट हाउकेलिड, फ्रेडरिक कायसर, कास्पर इडलंड, बिर्गर स्ट्रॉम्सहाइम आणि हान्स स्टोरहाउग. १६ फेब्रुवारी १९४३ च्या रात्री ते उतरले, कित्येक दिवस वादळात अडकले आणि मग चौघांना येऊन मिळाले.

२७ फेब्रुवारीच्या रात्रीचा प्रसंग अनेकांनी लिहिलाय. त्यातल्या बारीक गोष्टी मला मोठ्या वाटतात. कारखान्याकडे जायला एकच झुलता पूल होता आणि त्यावर पहारेकरी. पहारेकऱ्यांना मारून पूल ओलांडता आला असता, पण मग आरडाओरडा झाला असता आणि गावावर सूडही उगवला गेला असता. म्हणून खालच्या दरीचा विचार झाला. ही दरी उतरता येत नाही असं जर्मनांनी गृहीत धरलं होतं, आणि म्हणून तिथं पहाराच नव्हता. हेलबर्गनं आधी जाऊन वाट हेरली. जिथं झाडं उगवलीत तिथून माणूसही चढेल, हा त्याचा हिशेब होता. नऊ जण अंधारात दरीत उतरले, माना नदी ओलांडली, समोरचा कडा चढले आणि कारखान्याला जाणाऱ्या रेल्वेच्या रुळांवर आले. फाटकाची साखळी त्यांनी तोडली ती रोन्नेबर्गनं इंग्लंडातल्या एका दुकानातून स्वतःच्या डोक्यानं विकत आणलेल्या कातरीनं. लष्करानं दिलेल्या सामानात तसलं काही नव्हतं.

पाच जण बाहेर दबा धरून बसले. रोन्नेबर्ग आणि कायसर केबल नेण्याच्या अरुंद बोगद्यातून रांगत तळघरात पोचले. आत एकच नॉर्वेजियन पहारेकरी होता. समोर १८ टाक्या, प्रतिकृतीत होत्या अगदी तशाच. रोन्नेबर्ग टाक्यांना सॉसेजच्या आकाराचे स्फोटक बसवत असताना खिडकी फुटली आणि दुसरी जोडी आत आली. सगळं लावून झालं, वात पेटवायची, एवढ्यात पहारेकरी म्हणाला, माझा चष्मा सापडत नाही. युद्धकाळात नवा चष्मा मिळणं मुश्कील होतं. स्फोटकांनी मढवलेल्या खोलीत दोघांनी चष्मा शोधला आणि त्याच्या हाती दिला. मग दोन मिनिटांची वात तोडून तीस सेकंदांची केली आणि सगळे बाहेर पळाले. स्फोटाचा आवाज फारसा झाला नाही. बाहेर दबा धरलेल्या हाउकेलिडला दिसलं की एक जर्मन सैनिक कंदील घेऊन आला, इकडं-तिकडं पाहिलं आणि परत आत गेला. बर्फाच्या भारानं एखादा सुरुंग फुटला असेल असं त्याला वाटलं असणार. ब्रिटिशांचं काम आहे हे कळावं म्हणून मागं एक टॉमीगन सोडली होती. गावाऐवजी लंडनकडे बोट जावं हा हेतू होता आणि तो साधला. परत जाताना ही मंडळी गावाच्या रोपवेखालच्या नागमोडी रस्त्यानंच डोंगर चढली. पाच जण स्कीवरून सुमारे चारशे किलोमीटर तुडवत स्वीडनला पोचले. बाकीचे नॉर्वेतच पांगले आणि हजारो जर्मन सैनिकांच्या शोधमोहिमेच्या हातावर तुरी देऊन मोकळे राहिले. फाल्केनहोर्स्टनं स्वतः येऊन पाहिलं आणि शत्रूच्या कामगिरीची तारीफ केली.

बहुतेक कथा इथं संपतात, आणि मला वाटतं गैरसमजाचं मूळ इथंच आहे. त्या रात्री सुमारे पाचशे किलो जड पाणी आणि १८ टाक्या गेल्या. नुकसान खरंच मोठं होतं. पण जर्मनांनी काही आठवड्यांत दुरुस्ती केली आणि उन्हाळ्यापर्यंत उत्पादन पुन्हा सुरळीत झालं. म्हणजे मिळाला तो काही महिन्यांचा अवधी.

त्यापुढचा इतिहास इतका देखणा नाही. अमेरिकेच्या अणुबॉम्ब प्रकल्पाचे प्रमुख जनरल लेस्ली ग्रोव्ह्ज हवाई हल्ल्यासाठी मागं लागले होते. ट्रोनस्टाडचा त्याला आधीपासून विरोध होता. कारखान्यातल्या अमोनियाच्या टाक्या फुटल्या तर गाव साफ होईल, आणि तळघरावर सात मजले असताना बॉम्ब तिथवर पोचणार नाहीत, असं तो सांगत होता. १६ नोव्हेंबर १९४३ ला दीडशेच्या आसपास बी-१७ विमानांनी वेमॉर्क आणि र्‍युकानवर सातशेहून जास्त बॉम्ब टाकले. वीसहून अधिक नॉर्वेजियन नागरिक मेले, त्यांतले बरेच जण एका निवाऱ्यावर बॉम्ब पडल्यामुळं. तळघरातल्या टाक्यांना फारसं काही झालं नाही, ट्रोनस्टाडचं म्हणणं खरं ठरलं. नॉर्वेच्या निर्वासित सरकारला विश्वासात न घेता हे झालं आणि त्यांनी त्याचा निषेध केला. मात्र या हल्ल्यानं एक काम झालं जे कमांडोंना जमलं नव्हतं: वेमॉर्कमध्ये उत्पादन चालू ठेवणं परवडत नाही हे जर्मनांना पटलं. उरलेला साठा जर्मनीला हलवायचं ठरलं.

ही बातमी फुटली आणि हाउकेलिडवर, जो मागं राहिला होता, सगळ्यांत अवघड काम आलं. पिंपं रेल्वेच्या वाघिणींतून टिन सरोवरापर्यंत येणार आणि तिथून हायड्रो नावाच्या रेल्वे फेरीबोटीतून पलीकडं जाणार होती. बोटीत गावकरी असणार. जिवानिशी किती जातील याचा अंदाज घेत हाउकेलिडनं लंडनला विचारलं, खरोखर इतकं महत्त्वाचं आहे का? उत्तर आलं, आहे, नष्ट झालंच पाहिजे. गर्दी कमी म्हणून रविवार निवडला, २० फेब्रुवारी १९४४. आदल्या रात्री हाउकेलिड, रोल्फ सोर्ली आणि क्नूट लियर-हान्सन बोटीवर चढले. बोटीवरच्या नॉर्वेजियन पहारेकऱ्याला, जर्मनांपासून लपायला जागा हवी, अशी थाप मारली. त्या भल्या माणसानं त्यांना तळाशी जाऊ दिलं. बोटीचा पुढचा भाग आधी बुडावा आणि पंखे पाण्याबाहेर यावेत अशा बेतानं साडेआठ किलो स्फोटक वर्तुळात लावलं आणि दोन गजराची घड्याळं पावणेअकराला लावली. कटातल्या एकाची आई त्याच बोटीनं जाणार होती. तिला थांबवायचं, पण कारण सांगायचं नाही, म्हणून मुलानं तिच्या जेवणात जुलाबाचं औषध घातलं अशी आठवण सांगितली जाते. इतर आयांना असा मुलगा नव्हता. बोट सरोवराच्या सर्वांत खोल भागात, चारशे मीटरहून खोल पाण्यात बुडाली. १८ जण मेले, त्यांत १४ नॉर्वेजियन.

आता मूळ प्रश्न: यानं बॉम्ब अडला का? याचं उत्तर वेमॉर्कमध्ये नाही, बर्लिनमध्ये आहे. १९४२ च्या सुरुवातीलाच जर्मन लष्करानं, चालू युद्धात उपयोगी पडणार नाही म्हणून, या संशोधनातून अंग काढून घेतलं आणि ते नागरी संशोधन परिषदेकडे गेलं. ४ जून १९४२ ला युद्धसामग्री मंत्री आल्बर्ट श्पेअरसमोर या संशोधनातला आघाडीचा भौतिकशास्त्रज्ञ हायझेनबर्ग यानं माहिती दिली, आणि मागितलेला पैसा इतका किरकोळ होता की श्पेअरला आश्चर्य वाटलं. यानंतर लक्ष्य उरलं ते भट्टीचं. म्हणजे रोन्नेबर्गनं दरी ओलांडली त्याच्या आठ महिने आधी बॉम्बचा औद्योगिक कार्यक्रम मागं पडला होता. अमेरिकेनं याच कामावर सुमारे दोन अब्ज डॉलर ओतले आणि लाखाहून जास्त माणसं लावली. दोन्हींची तुलनाच होत नाही.

मग भट्टी तरी झाली असती का? युद्धाच्या शेवटी नैर्ऋत्य जर्मनीत हायगरलोखच्या एका चर्चखालच्या गुहेत हायझेनबर्गच्या गटानं शेवटची मांडणी केली. ६६४ युरेनियमचे ठोकळे तारांवर लोंबकळत सोडलेले, भोवती दीड टन जड पाणी. साखळी सुरू झाली नाही. भट्टी साधारण दीडपट मोठी हवी होती. म्हणजे वेमॉर्क चालू राहिलं असतं तर कदाचित १९४४ मध्येच जर्मन भट्टी चालली असती. कुर्ट डीबनर या लष्कराच्या बाजूच्या शास्त्रज्ञानं युद्धानंतर तसं सांगितलंही: भट्टी न होण्याचं मुख्य कारण नॉर्वेतलं उत्पादन बंद होणं. पण चालती भट्टी म्हणजे बॉम्ब नव्हे. तिच्यातून पुरेसं प्लुटोनियम काढायला महिनोन्‌महिने, शिवाय रासायनिक कारखाने लागले असते, आणि त्यातलं काहीच जर्मनांनी सुरू केलं नव्हतं.

इतिहासकारांत मतभेद आहेत ते वेमॉर्कपेक्षा हायझेनबर्गवर. मार्क वॉकर यांनी १९८९ च्या पुस्तकात दाखवलं की बॉम्ब सोडण्याचा निर्णय व्यवहारी होता: युद्ध लवकर जिंकू या भरवशावर आणि नंतर जिंकणं अवघड दिसू लागल्यावर, दोन्ही वेळा तो पटण्याजोगा होता. थॉमस पॉवर्स यांनी १९९३ मध्ये हायझेनबर्गनं मुद्दाम ढिलाई केली असं मांडलं. पॉल लॉरेन्स रोझ यांनी पाचच वर्षांत त्याच्या उलट, त्याला बॉम्बचं गणितच कळलं नव्हतं, असं लिहिलं. १९९२ मध्ये उघड झालेली फार्म हॉलची संभाषणं, म्हणजे इंग्लंडात नजरकैदेत ठेवलेल्या दहा जर्मन शास्त्रज्ञांचं चोरून ध्वनिमुद्रित केलेलं बोलणं, वाचली की वॉकर यांचं पारडं मला जड वाटतं. हिरोशिमाची बातमी ऐकून ही माणसं आधी विश्वासच ठेवत नाहीत.

पण यावरून वेमॉर्कची मोहीम निरर्थक होती असं ठरवणं म्हणजे १९४२ च्या माणसांना १९९२ ची कागदपत्रं देण्यासारखं आहे. लंडनला काय दिसत होतं? विखंडन जर्मनीत सापडलं, हायझेनबर्ग तिथं, बेल्जियन कंपनीचं युरेनियम ताब्यात आणि वेमॉर्कला उत्पादन वाढवण्याचा तगादा. त्यांना श्पेअरच्या बैठकीचा वृत्तांत मिळाला नव्हता. त्या माहितीवर हा कारखाना चालू ठेवू देणं हा गुन्हा ठरला असता. म्हणून मला मोहिमेचं मोजमाप दुसऱ्या बाजूनं करावंसं वाटतं. त्याच लक्ष्यावर चार घाव पडले. ग्लायडरांच्या घावात ४१ गेले आणि पाणी तसंच राहिलं. बॉम्बफेकीत वीसेक गावकरी गेले, तळघर शाबूत राहिलं, पण शत्रूनं कारखाना सोडला. बोटीच्या घावात १८ गेले आणि साठा बुडाला. आणि रोन्नेबर्गच्या घावात कुणीच गेलं नाही. सगळ्यांत कमी रक्तात, नेमकं लक्ष्य, स्थानिक माणसाच्या ज्ञानावर विसंबून: घातपाताच्या शास्त्राला यापेक्षा चांगला धडा नाही. निकालाच्या दृष्टीनं मात्र तो एक टप्पा होता, आणि बोट बुडवणं हा खरा शेवट. २००० च्या दशकात टिन सरोवराच्या तळातून एक पिंप वर काढून तपासलं तेव्हा त्यातलं पाणी जर्मनांच्या यादीतल्या प्रमाणाशी जुळलं. पिंपांत खरंच जड पाणी होतं का, ही शंका त्यानं मिटली.

गोव्याच्या वाचकाला इथं एक जवळची गोष्ट आठवेल. याच ब्रिटिश घातपात संघटनेनं, वेमॉर्कनंतर दहा-अकरा दिवसांत, ९ मार्च १९४३ च्या रात्री मार्मागोव्याच्या बंदरात एरेनफेल्स या जर्मन जहाजावर छापा घातला. पोर्तुगीज गोवा तटस्थ होता, म्हणून सैनिक पाठवता येईनात. कलकत्ता लाइट हॉर्स या स्वयंसेवक दलातले पोटं सुटलेले, उतारवयाचे व्यापारी आणि कारकुनी पेशातले साहेब एका बार्जमधून गेले. जहाजाचा कप्तान मारला गेला, बंदरातली अक्षराष्ट्रांची चार जहाजं गेली. जेम्स लीझरचं पुस्तक १९७८ मध्ये आणि ग्रेगरी पेकचा ‘द सी वुल्व्ह्ज’ १९८० मध्ये येईपर्यंत ही गोष्ट दडलेलीच होती. एरेनफेल्सवरचं पाणबुड्यांना संदेश देणारं यंत्र बंद पडून जहाजबुडी थांबली, हा त्यातला दावाही वेमॉर्कच्या दाव्यासारखाच सावधपणे घ्यायचा. नाट्य मोठं असलं की परिणामही मोठाच असणार असं माणूस धरून चालतो.

चित्रपटांबाबत एक सल्ला देतो. कर्क डग्लसचा १९६५ चा ‘हीरोज ऑफ टेलेमार्क’ मनोरंजक आहे, पण इतिहास म्हणून टाकाऊ. १९४८ चा नॉर्वेजियन-फ्रेंच चित्रपट साधा, काळा-पांढरा, त्यात पोल्सनसारखे काही खरे सहभागी स्वतःच्याच भूमिकेत दिसतात. तो पाहावा. नॉर्वेच्या सरकारी वाहिनीची २०१५ ची मालिका जर्मन शास्त्रज्ञांची बाजूही दाखवते, हा तिचा मोठा गुण. पुस्तकांत नील बॅस्कोम्बचं ‘द विंटर फोर्ट्रेस’ वाचनीय आहे आणि फेरीबोटीच्या प्रकरणाला त्यात न्याय मिळतो. एकच वाचायचं असेल तर मात्र मी हाउकेलिडचं आत्मकथन सुचवेन. त्यानं ती बोट स्वतः बुडवली होती, आणि त्या १४ नॉर्वेजियन मृतांबद्दल लिहिण्याचा अधिकार त्याच्याइतका दुसऱ्या कुणाला नाही. लाइफ ट्रोनस्टाड युद्ध संपलेलं पाहायला उरला नाही. १९४५ च्या मार्चमध्ये, वीजकेंद्रं जर्मनांच्या हातून वाचवण्याच्या मोहिमेवर नॉर्वेत परत गेला असताना तो मारला गेला.